दुसऱ्या महायुद्धाचं ‘दडवलेलं सत्य’ सांगणारा माहितीपट आला, तर तो तपासायचा कसा?

‘शाळेत हे कधीच शिकवलं नाही’, ‘इतिहास जेत्यांनी लिहिला, आता दुसरी बाजू ऐका’ अशा दोन ओळी, खाली टेलिग्रामची लिंक. लिंक उघडली की कृष्णधवल चित्रफिती, मागे गंभीर पियानो, खर्जातला निवेदक आणि एकामागून एक तासाचे भाग. पहिल्या तासात हिटलरबद्दल खटकावं असं फारसं काही नसतं. शेवटच्या तासांत मात्र सांगितलं जातं की साठ लाख ज्यू मारलेच गेले नाहीत, गॅस चेंबर ही युद्धानंतरची थाप आहे आणि जर्मनीच खरी बळी होती.

मी इतिहास शिकवते. विद्यार्थी आणि नातेवाईक दोघांकडूनही असे माहितीपट माझ्याकडे येत राहतात. ते तपासायची जी पद्धत हळूहळू बसत गेली, ती इथे देते आहे. तुम्ही शिक्षक असाल, ग्रुपचे अ‍ॅडमिन असाल किंवा घरातल्या कॉलेजात जाणाऱ्या मुलाने ‘हे खरं आहे का गं?’ असं विचारलं असेल, तर उपयोगी पडेल. इतिहासाची पदवी लागत नाही. जर्मन भाषाही लागत नाही. चिकाटी लागते.

या माहितीपटांची नावं मी मुद्दाम देत नाही. नाव दिलं की माणूस आधी ते शोधतो, आणि त्यांना तेवढंच हवं असतं.

सोबत काय हवं

- एक वही किंवा एक्सेलची साधी शीट, चार रकान्यांची: मिनिट, दावा, दाखवलेला पुरावा, मूळ स्रोत.
- व्हिडिओ हवा तिथे थांबवून स्क्रीनशॉट घेता येईल असा प्लेअर.
- चित्रावरून शोध घेणारं साधन: गूगल लेन्स किंवा टिनआय.
- वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट मेमोरियल म्युझियमचा ऑनलाइन विश्वकोश. यातले बरेच लेख हिंदीतही आहेत. होलोकॉस्ट म्हणजे हिटलरच्या नाझी राजवटीने केलेला ज्यूंचा संहार.
- ऑशविट्झ या पोलंडमधल्या नाझी छावणीच्या जागी असलेल्या म्युझियमची अधिकृत वेबसाइट आणि जेरुसलेमच्या याद वाशेम या स्मारकसंस्थेचा नावांचा डेटाबेस. याद वाशेमने ४८ लाखांहून अधिक बळींची नावं एकेक करून नोंदवली आहेत.
- येल विद्यापीठाचा अ‍ॅव्हलॉन प्रकल्प. युद्धानंतर नाझी नेत्यांवर चाललेल्या न्यूरेंबर्ग खटल्याचं कामकाज तिथे वाचायला मिळतं.
- अर्व्हिंग विरुद्ध लिपस्टॅट खटल्याचं निकालपत्र. एमरी विद्यापीठाने या खटल्याची कागदपत्रं खुली ठेवली आहेत. एकच गोष्ट वाचायची झाली तर हीच वाचा. कारण पुढे कळेल.

१. सगळं पाहून मग बोलू, असं ठरवू नका

हे माहितीपट सहा-सहा, बारा-बारा तासांचे असतात आणि लांबी हाच त्यांचा मोठा डाव असतो. तासाला पन्नास दावे आदळले की एकही तपासायची उसंत मिळत नाही. शेवटी ‘इतकं सगळं सांगतायत तर काहीतरी तथ्य असेलच’ एवढंच मनात उरतं. एक दावा करायला दहा सेकंद पुरतात, तो खोडायला एक संध्याकाळ जाते. या हिशेबात तुम्ही कधीच जिंकणार नाही, त्यामुळे त्यात उतरूच नका.

पाठवणाऱ्यालाच विचारा: ‘यातला तुम्हाला सर्वात पटलेला मुद्दा कोणता? कितव्या मिनिटाला?’ तेवढाच भाग पाहा आणि वहीत एक ओळ लिहा. दावा स्वतःच्या शब्दांत आणि एका वाक्यात लिहायचा. वाक्यात मांडताच येत नसेल, तर तिथे दावा नसून नुसतं वातावरण आहे, म्हणजे संगीत, रडणारी मुलं, जळती शहरं. वातावरण तपासता येत नाही. ते बाजूला ठेवा.

२. खऱ्या गोष्टी आधी वेगळ्या काढा

नवखा माणूस इथेच फसतो. माहितीपटात सगळंच खोटं असेल असं धरून तो चालतो, मग एखादी गोष्ट खरी निघते आणि त्याचा पाय घसरतो.

पहिला तास जवळजवळ नेहमी पहिल्या महायुद्धानंतरच्या व्हर्सायच्या तहाचा असतो. १९२१ मध्ये जर्मनीवर १३२ अब्ज सुवर्णमार्कांची युद्धभरपाई लादली गेली, हे खरं. १९२३ मध्ये तिथलं चलन मातीमोल झालं, हेही खरं. पण १९३२ च्या लोझान परिषदेत ही भरपाई जवळपास संपुष्टात आली, आणि हिटलर चॅन्सेलर झाला ३० जानेवारी १९३३ ला, हे सांगितलं जात नाही. ऑटोबानचं श्रेय त्याला दिलं जातं, पण कोलोन ते बॉन हा मोटाररस्ता ऑगस्ट १९३२ मध्येच खुला झाला होता. त्याचं उद्घाटन केलं कोलोनचे तेव्हाचे महापौर कोनराड आडेनॉअर यांनी. बेकारी घटली ती मुख्यतः उधारीवर केलेल्या शस्त्रनिर्मितीमुळे.

भारतीय प्रेक्षकासाठी आणखी एक आमिष असतं, १९४३ चा बंगालचा दुष्काळ. लाखो माणसं अन्नावाचून मेली. मृतांचा अंदाज तीस लाखांपर्यंत जातो, आणि चर्चिलच्या सरकारची बेपर्वाई कागदोपत्री दिसते. हे दुःख आपलं आहे, खरं आहे, आणि त्यावर बोललंच पाहिजे. पण पुढचं वाक्य काय येतं ते पाहा: ‘म्हणून हिटलरबद्दल इंग्रजांनी सांगितलेलं सगळं खोटं.’ बंगालमध्ये जे झालं त्याने ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत जे झालं ते पुसलं जात नाही. आपल्या मेलेल्या माणसांचा असा वापर होतो, याची मला सर्वात जास्त चीड येते.

‘हिटलर भारताचा मित्र होता’ या दाव्यासाठी दोन नोंदी जवळ ठेवा. त्याने स्वतःच्या पुस्तकात लिहिलं आहे की भारत दुसऱ्या कुणाच्या हाती जाण्यापेक्षा इंग्रजांच्या ताब्यात राहिलेला बरा. आणि नोव्हेंबर १९३७ मध्ये बेर्ख्तेसगाडेनला भेटायला आलेल्या लॉर्ड हॅलिफॅक्सना त्याने सल्ला दिला होता की गांधींना गोळी घाला, तेवढ्याने भागलं नाही तर काँग्रेसचे पुढारी मारा. हे हॅलिफॅक्स म्हणजे गांधी-आयर्विन करारातले व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन. नेताजी मे १९४२ मध्ये हिटलरला भेटले ही गोष्ट खरी आहे. त्या भेटीवरून नेताजींच्या डावपेचांची चर्चा जरूर करता येते, हिटलरच्या भारतप्रेमाचा पुरावा मात्र त्यातून निघत नाही.

३. तारखा एका ओळीत मांडा

यातले निम्मे दावे नुसत्या तारखांपुढे कोसळतात.

‘युद्ध ज्यूंनीच आधी पुकारलं’ असं सांगताना पडद्यावर लंडनच्या डेली एक्स्प्रेसचं २४ मार्च १९३३ चं पहिलं पान येतं. मथळा आहे, जुडियाने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं. पान अस्सल आहे, बनावट नाही. आता पडद्यावरचं चित्र थांबवा आणि मथळ्याखालची बातमी वाचायचा प्रयत्न करा. ती जर्मन मालावरच्या बहिष्काराच्या हाकेची आहे. त्या वेळी ज्यूंचं ना राष्ट्र होतं, ना सैन्य. आणि ही हाक आली कशामुळे? वहीत तारखा लिहा. ३० जानेवारीला हिटलर सत्तेवर. त्यानंतरच्या आठवड्यांत रस्त्यांवर ज्यूंना मारहाण. २२ मार्चला डाखाऊची छळछावणी सुरू. २३ मार्चला संसदेने कायदे करण्याचे सगळे अधिकार हिटलरच्या सरकारकडे सोपवले. २४ मार्चला हा मथळा. बहिष्कार आधीच्या हिंसेला दिलेलं उत्तर होता. माहितीपट फक्त शेवटची तारीख दाखवतो आणि तिलाच सुरुवात म्हणतो.

पोलंडचंही तसंच. ‘पोलंडमध्ये ५८,००० जर्मन मारले गेले म्हणून हिटलरला जावं लागलं.’ हा आकडा नाझी प्रचारयंत्रणेने फेब्रुवारी १९४० मध्ये, म्हणजे पोलंड जिंकून झाल्यावर, साडेपाच हजारांच्या आसपासचा आधीचा आकडा फुगवून जाहीर केला. पोलंडमधल्या ब्रॉम्बर्ग शहरातल्या जर्मनांच्या ज्या हत्या दाखवल्या जातात, त्या ३ आणि ४ सप्टेंबर १९३९ च्या आहेत. आक्रमण १ सप्टेंबरचं. परिणाम कारणाच्या आधी कसा आला, एवढंच विचारायचं. सीमेवरच्या ग्लायविट्झ रेडिओ केंद्रावर ३१ ऑगस्टच्या रात्री झालेला ‘पोलिश हल्ला’ एसएसच्या, म्हणजे नाझींच्या निमलष्करी दलाच्या माणसांनी पोलिश असल्याचं भासवून स्वतःच केला होता. त्यातल्या आल्फ्रेड नाउयॉक्सने न्यूरेंबर्गसाठी दिलेलं प्रतिज्ञापत्र उपलब्ध आहे.

‘हिटलर युरोपला बोल्शेविकांपासून (रशियन कम्युनिस्टांपासून) वाचवत होता’ असं ऐकलं की २३ ऑगस्ट १९३९ ही तारीख लिहा. त्या दिवशी हिटलर आणि स्टालिन यांनी करार केला, आणि पुढच्या महिन्यात पोलंड दोघांनी वाटून घेतला. सोव्हिएत वाट्यातले लाखो पोलिश लोक सायबेरियात आणि मध्य आशियात हाकलले गेले. त्यातलेच सुमारे पाच हजार लोक, बहुतेक बायका आणि मुलं, इराणमार्गे येऊन १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत राहिले. कोल्हापूरच्या जुन्या माणसांनी त्यांना डोळ्यांनी पाहिलं आहे. वळिवडे जर्मनीच्या गुन्ह्यांचा पुरावा नाही. पण पोलंडवर दोन्ही बाजूंनी घाला पडला आणि त्यातली एक बाजू जर्मनीची होती, हे आपल्याकडेही कळावं इतकी ती आठवण जवळची आहे.

४. आकडा दिसला की विचारा: नेमकं काय मोजलंय?

इथे वेळ घालवा. नाकारणाऱ्यांचा सगळा जोर आकड्यांवर असतो, आणि आकडे तपासायला सोपेही असतात.

*‘रेड क्रॉसचाच आकडा तीन लाखांच्या आत आहे.’* पडद्यावर शिक्क्यासह जर्मन कागद येतो. तो कागद आरोल्सन इथल्या नोंदणी कार्यालयाचा. नातेवाइकांनी अर्ज केल्यावर, छावणीच्या नोंदींत नाव सापडलं तर, तिथून मृत्यूचा दाखला मिळायचा. म्हणजे त्या कागदावर दिलेल्या दाखल्यांची संख्या आहे, मेलेल्या माणसांची नाही. ऑशविट्झला सुमारे १३ लाख माणसं नेली गेली आणि त्यातल्या साधारण ४ लाखांनाच कैदी क्रमांक मिळाला. ज्यांना रेल्वेतून उतरवून थेट गॅस चेंबरकडे नेलं, त्यांचं नाव छावणीच्या वहीत चढलंच नाही. अर्ज करायला जिथे कुणी नातेवाईक उरलाच नाही, त्या कुटुंबांचं काय, हा प्रश्न तो माहितीपट विचारत नाही.

*‘ऑशविट्झचा आकडा ४० लाखांवरून ११ लाखांवर आला, तरी साठ लाख तसेच कसे?’* वरवर बिनतोड वाटतो. ४० लाखांचा आकडा सोव्हिएत आयोगाने १९४५ मध्ये प्रेतं जाळण्याच्या भट्ट्यांच्या क्षमतेवरून काढला होता, आणि स्मारकावरच्या फलकांवर तो १९९० पर्यंत होता. पण साठ लाखांचा हिशेब त्यावर कधी उभाच नव्हता. तो देशोदेशींच्या युद्धापूर्वीच्या आणि नंतरच्या ज्यू लोकसंख्येवरून, हद्दपारीच्या गाड्यांच्या नोंदींवरून आणि जर्मन अहवालांवरून येतो. इतिहासकार राउल हिलबर्ग यांनी १९६१ मध्येच ऑशविट्झमधल्या ज्यू बळींचा अंदाज दहा लाखांच्या घरात दिला होता. त्यांचा एकूण आकडा ५१ लाखांचा होता, म्हणजे इतर इतिहासकारांपेक्षा कमी. पुढे ऑशविट्झ म्युझियमचे फ्रान्सिशेक पिपर यांनी गाड्यांच्या याद्या जुळवून ११ लाख मृत्यू निश्चित केले, त्यातले जवळपास दहा लाख ज्यू. संशोधनाने फलक दुरुस्त झाला. आकडा मोकळेपणाने तपासला जातो याचंच हे उदाहरण आहे.

*ड्रेस्डेन.* फेब्रुवारी १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात अडीच लाख, कधी पाच लाख मेले असं सांगतात. हल्ला भीषण होता. पण ड्रेस्डेन शहरानेच नेमलेल्या इतिहासकारांच्या आयोगाने अनेक वर्षं काम करून २०१० मध्ये निष्कर्ष दिला: जास्तीत जास्त २५,००० मृत्यू. मोठ्या आकड्यामागे एक बनावट कागद आहे. अस्सल पोलीस अहवालात २०,२०४ मृत होते, फिरवलेल्या प्रतीत २,०२,०४०. एक शून्य वाढवलं, बाकी मजकूर तोच.

सापळा: या मुद्द्यांवर बोलताना ड्रेस्डेनमध्ये होरपळून मेलेल्यांना तुच्छ लेखू नका. पंचवीस हजार हा लहान आकडा नाही. आपला आक्षेप फुगवण्याला आहे, शोकाला नाही.

५. चित्रफीत कुणी, कुठे आणि कशासाठी काढली?

‘छावण्यांमध्ये फुटबॉल, वाचनालय, वाद्यवृंद होते’ असं सांगत हसऱ्या कैद्यांची दृश्यं दाखवली जातात. स्क्रीनशॉट घेऊन गूगल लेन्समध्ये टाका. बऱ्याचदा उत्तर येतं: तेरेझियनस्टाट (आजच्या चेक प्रजासत्ताकातली नाझी छावणी), १९४४.

या चित्रफितीची कहाणी नीट माहीत असावी. २३ जून १९४४ ला रेड क्रॉसचे प्रतिनिधी तेरेझियनस्टाटला येणार होते. त्याआधी नाझींनी गाव रंगवलं, बागा लावल्या, खोटी दुकानं मांडली. गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यात साडेसात हजार कैदी ऑशविट्झला रवाना केले. पाहुणे समाधानाने परतल्यावर त्याच देखाव्यावर प्रचारपट काढायचं ठरलं. दिग्दर्शनाचं काम लादलं गेलं कुर्ट गेरोन यांच्यावर. ते बर्लिनचे नावाजलेले नट-दिग्दर्शक, स्वतः ज्यू आणि त्याच छावणीतले कैदी. ऑगस्ट आणि सप्टेंबरमध्ये चित्रीकरण झालं. २८ सप्टेंबर ते २८ ऑक्टोबर या एका महिन्यात सुमारे १८,००० माणसं तिथून ऑशविट्झला नेली गेली. गेरोनही त्यांतच होते आणि तिथे मारले गेले. कॅमेऱ्यासमोर पाव खाणाऱ्या कितीतरी मुलांची तीच गत झाली. आज ही दृश्यं ‘छावणीतलं आनंदी जीवन’ म्हणून दाखवणारा माणूस नाझींनी मांडलेला देखावा नाझींच्याच हेतूने पुन्हा मांडतो आहे.

दुसरा दावा: ‘प्रेतांचे ढीग टायफसने (उवांमुळे पसरणाऱ्या तापाने) मेलेल्यांचे आहेत.’ ही दृश्यं बहुधा बेर्गेन-बेलसेनची असतात. १५ एप्रिल १९४५ ला ब्रिटिश सैन्य तिथे पोहोचलं तेव्हा टायफस आणि उपासमारीने हजारो मृतदेह पडले होते. तिथे गॅस चेंबर नव्हतं आणि कुणी इतिहासकार तसं म्हणतही नाही. गॅसने मारण्याची मोठी केंद्रं पोलंडच्या भूमीवर होती. बेउझेत्स, सोबिबोर आणि ट्रेब्लिंका ही तिन्ही नाझींनी १९४३ संपता संपता स्वतःच पाडून, जमीन नांगरून, झाडं लावून झाकून टाकली. तिथे मुक्त करायला छावणीच उरली नव्हती, म्हणून तिथली तशी दृश्यंही नाहीत. माहितीपट बेलसेनबद्दलचं खरं वाक्य सांगतो आणि प्रेक्षक ते ट्रेब्लिंकालाही लावतो.

६. ‘तज्ज्ञ’ कोण आहे ते पाहा

पडद्यावर नावाखाली ‘अभियंता’, ‘इतिहासकार’, ‘रसायनतज्ज्ञ’ लिहून येतं. ते नाव शोधा. दोन नावं वारंवार भेटतील.

फ्रेड लॉइख्टर. १९८८ मध्ये टोरांटोतल्या एका खटल्यासाठी, होलोकॉस्ट नाकारणाऱ्या प्रकाशकाच्या वतीने, हा अमेरिकन माणूस ऑशविट्झला गेला, भिंतींचे तुकडे परवानगीशिवाय फोडून आणले आणि ‘सायनाइडचा (म्हणजे गॅस चेंबरमधल्या विषाचा) अंश जवळपास नाही’ असा अहवाल दिला. ज्या प्रयोगशाळेने तुकडे तपासले, तिथल्या रसायनतज्ज्ञाला ते कुठले हेही सांगितलं नव्हतं. त्यानेच नंतर स्पष्ट केलं की सायनाइड विटेत साधारण दहा मायक्रॉनच शिरतं, म्हणजे केसाच्या जाडीचा दहावा भाग. आणि तुकडे तर जाडजूड होते. आतल्या कोऱ्या विटेसकट कुटल्यावर अंश सापडणार कसा?

‘उवा मारण्याच्या खोल्यांत निळे डाग आहेत, गॅस चेंबरमध्ये का नाहीत’ याचंही उत्तर रसायनशास्त्रात आहे. माणूस ३०० पीपीएमच्या (हवेच्या दहा लाख भागांत ३०० भाग) आसपास काही मिनिटांत मरतो. उवांना कितीतरी पट जास्त प्रमाण आणि कित्येक तास लागतात. भिंतीशी गॅसचा संबंध जिथे दीर्घकाळ आला, तिथे डाग पडले. शिवाय ऑशविट्झच्याच बिर्केनाउ भागातली गॅस चेंबर एसएसने जानेवारी १९४५ मध्ये सुरुंगाने उडवली, आणि ते ढिगारे दशकानुदशकं पावसात पडून होते. क्राकोच्या न्यायवैद्यक संस्थेने काळजीपूर्वक नमुने घेऊन १९९४ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले: गॅस चेंबरच्या अवशेषांत सायनाइडची संयुगं आहेत, कैद्यांच्या राहण्याच्या बराकींत नाहीत. लॉइख्टरने १९९१ मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये कायदेशीर तडजोडीत कबूल केलं की आपण नोंदणीकृत अभियंता नाही.

दुसरं नाव ब्रिटिश लेखक डेव्हिड अर्व्हिंग. अमेरिकन इतिहासकार डेबोरा लिपस्टॅट यांनी त्याला होलोकॉस्ट नाकारणारा म्हटलं, म्हणून त्याने लंडनमध्ये त्यांच्यावर आणि प्रकाशकावर अब्रुनुकसानीचा दावा लावला. इंग्लंडमध्ये अशा दाव्यात आपलं विधान खरं असल्याचं प्रतिवादीने सिद्ध करायचं असतं. म्हणून इतिहासकार रिचर्ड इव्हान्स यांनी अर्व्हिंगच्या पुस्तकांतल्या तळटिपा एकेक करून मूळ कागदांशी ताडून पाहिल्या. ११ एप्रिल २००० ला न्यायमूर्ती चार्ल्स ग्रे यांनी निकाल दिला: अर्व्हिंगने पुराव्यांची जाणूनबुजून आणि सातत्याने मोडतोड केली आहे. तुम्हाला पडणाऱ्या बहुतेक प्रश्नांची उत्तरं या निकालपत्रात सापडतील.

७. मूळ कागदापर्यंत जा: एक नमुना

कागद तपासायचा म्हणजे काय, हे एकाच उदाहरणाने दाखवते.

दावा: ‘ज्यूंना मारू नका असा हिटलरचा आदेश होता, हिमलरच्या हस्ताक्षरात आहे.’ पुरावा म्हणून एसएसचा प्रमुख हिमलर याच्या फोननोंदीचं पान दाखवतात, ३० नोव्हेंबर १९४१, दुपारी दीड. त्याच्या हाताखालचा अधिकारी हाइड्रिख याच्याशी झालेल्या संभाषणाचे तुटक मुद्दे आहेत. शेवटचे दोन असे: बर्लिनहून ज्यूंची गाडी. ठार करणं नाही.

पहिला प्रश्न: किती गाड्या? एक. बर्लिनहून निघालेली. सगळ्या ज्यूंबद्दल इथे अक्षर नाही.
दुसरा प्रश्न: हिटलरचं नाव कुठे आहे? कुठेच नाही. त्या दिवसाच्या नोंदींप्रमाणे हिमलर हिटलरला भेटला तो फोननंतर.
तिसरा प्रश्न: त्या गाडीचं पुढे काय झालं? ती २७ नोव्हेंबरला बर्लिनहून निघाली होती, सुमारे हजार माणसं घेऊन, लाटव्हियातल्या रिगाकडे. फोन झाला तेव्हा ती माणसं जिवंत नव्हती. त्याच सकाळी रिगाजवळच्या रुंबुलाच्या जंगलात त्यांना गोळ्या घातल्या गेल्या होत्या. त्या जंगलात ३० नोव्हेंबर आणि ८ डिसेंबर या दोन दिवसांत मिळून सुमारे २५,००० ज्यू मारले गेले.
चौथा प्रश्न: एका गाडीपुरतं ‘मारू नका’ असं का सांगावं लागतं? बाकीच्यांचं काय चाललं होतं म्हणून?

निर्दोषत्वाचा म्हणून दाखवलेला कागद असा गुन्ह्याचाच कागद निघतो.

मग उलट बाजूने, माहितीपटात काय दाखवलंच नाही, तेही शोधा. ऑपरेशन राइनहार्डच्या, म्हणजे पोलंडमधल्या ज्यूंच्या संहाराच्या मोहिमेच्या, छावण्यांचा हिशेब देणारी एसएस अधिकारी हर्मान हॉफ्लेची तार: ११ जानेवारी १९४३ ची, इंग्रजांनी हवेतून पकडलेली, २००० साली लंडनच्या अभिलेखागारात ओळखली गेलेली. १९४२ अखेरचा आकडा १२,७४,१६६. त्यातले ट्रेब्लिंकाचे ७,१३,५५५. लिथुआनियातल्या कार्ल येगर या एसएस अधिकाऱ्याचा १ डिसेंबर १९४१ चा अहवाल, गावागणिक आणि तारखेगणिक, पुरुष-बायका-मुलं वेगवेगळ्या रकान्यांत, एकूण १,३७,३४६. हिमलरचं ४ ऑक्टोबर १९४३ चं पोझेनचं भाषण तर ध्वनिमुद्रित आहे. एसएस अधिकाऱ्यांसमोर तो ज्यूंच्या संहाराबद्दल उघड बोलतो. हे सगळे जर्मनांचेच शब्द आहेत, मारणाऱ्यांनी स्वतः लिहिलेले किंवा बोललेले. ‘जेत्यांनी लिहिलेला इतिहास’ या वाक्याला याहून वेगळं उत्तर द्यावं लागत नाही.

सरावासाठी सोपा दावा हवा असेल तर अ‍ॅन फ्रँकच्या डायरीचा घ्या: ‘ती बॉलपेनने लिहिलीय, बॉलपेन तर युद्धानंतर आला.’ बॉलपेनची अक्षरं आहेत ती दोन सुट्या कागदांवर. युद्धानंतर हस्ताक्षर तपासणाऱ्या तज्ज्ञाच्या टिपणांचे ते कागद बाडात राहून गेले होते. मूळ डायरीचा कागद, शाई आणि डिंक डच संस्थेने तपासून १९८६ मध्ये सविस्तर प्रसिद्ध केलं आहे.

८. ग्रुपवर उत्तर कसं द्यायचं

- लिंक पुन्हा पाठवू नका, ‘हे खोटं आहे’ असं लिहूनसुद्धा. स्क्रीनशॉट द्यायचाच तर त्यावर ठळक लाल फुली मारा.
- थोरल्या माणसाने पाठवलं असेल तर आधी फोन करा. ‘काका, तो तेविसाव्या मिनिटाचा मुद्दा मी बघितला, तो कागद मुळात असा आहे’ इतकं पुरे. सगळ्यांसमोर खोडून काढलं की माणूस इरेला पेटतो, आणि मग मुद्दा राहतो बाजूला.
- एका वेळी एकच दावा. त्यांनी दहा नवे पाठवले तरी पहिल्याचं उत्तर मिळेपर्यंत पुढे जायचं नाही.
- ‘दोन्ही बाजू ऐकायला काय हरकत आहे?’ असं हमखास विचारलं जातं. मृतांचा नेमका आकडा, आदेशांची साखळी, कुणाला कधी काय माहीत होतं, यावर इतिहासकारांत खरे वाद आहेत आणि ते जरूर वाचावेत. संहार झाला की नाही, यावर वाद नाही.
- ग्रुपवर कुणी बेने इस्रायल कुटुंबातलं असू शकतं. कोकणातून आलेल्या या समाजाची मराठी घरं ठाण्या-मुंबईत आहेत आणि इस्रायलमध्येही. उत्तर द्यायला उशीर करू नका. गप्प बसलेला ग्रुप त्यांनाही दिसत असतो.
- मूळ व्हिडिओची तक्रार करा. यूट्यूबने २०१९ पासून आणि फेसबुकने २०२० पासून होलोकॉस्ट नाकारणाऱ्या मजकुराला बंदी केली आहे. टेलिग्रामची स्थिती फार वाईट आहे. २०२२ च्या युनेस्कोच्या पाहणीत तिथल्या होलोकॉस्टविषयक सार्वजनिक मजकुरापैकी जवळपास निम्मा मजकूर नाकारणारा किंवा विपर्यास करणारा निघाला.

९. परदेशात असाल तर

भारतात होलोकॉस्ट नाकारण्याविरुद्ध स्वतंत्र कायदा नाही. जर्मनीत आहे. तिथल्या दंडसंहितेच्या कलम १३० प्रमाणे तो जाहीरपणे नाकारणं, त्याचं समर्थन करणं किंवा तो क्षुल्लक ठरवणं हा गुन्हा आहे, आणि शिक्षा पाच वर्षांपर्यंत कैदेची होऊ शकते. ऑस्ट्रिया आणि फ्रान्समध्येही कायदे आहेत. म्युनिक-स्टुटगार्टच्या मराठी मंडळींचे ग्रुप शेकडो सदस्यांचे असतात. तेव्हा ‘ग्रुपवरच तर टाकलंय’ अशा भरवशावर राहू नका, आणि नव्याने शिकायला आलेल्या मुलांना हे पहिल्याच आठवड्यात सांगा. आपल्याकडच्या ग्रुपवरून आलेला फॉरवर्ड तिथून पुढे ढकलण्याआधी तो उघडून पाहायचा. शंका वाटली तर डिलीट करायचा. जमलंच तर पुढच्या सुटीत डाखाऊला जाऊन या. म्युनिकहून लोकल गाडी आणि पुढे बस, अर्ध्या दिवसात होतं, आणि आत जायला तिकीट नाही.